हा अंगठा कुणाचा

प्रफुल्ल ताजनेच्या हाताला काहीही झालेलं नव्हतं. तरी तुम्ही त्याला डंपरवरून खाली उतरवलंत. तुम्ही त्याला कधी पाहिलं नव्हतं, त्याच्याशी कधी बोलला नव्हता, त्याचं घुग्घुस नकाशावर कुठे येतं हेही तुम्हाला सांगता आलं नसतं. तुमच्याकडे होत्या त्याच्या नावावर जमा झालेल्या काही रेघा. तेवढ्यावर तुम्ही एका घराची चूल विझवलीत आणि वर म्हणालात, आम्ही कुणाला कामावरून काढत नाही, आम्ही फक्त गुण देतो. फासाचा दोर वळणाराही असंच म्हणत असेल.

आता त्या रेघांची गोष्ट ऐका. आणि त्या रेघा ज्या खेळात उमटल्या, तो खेळ बनवणाऱ्या दर्शनाची. दर्शना म्हणजे प्रफुल्लची धाकटी बहीण. सेतू केंद्रात बसून लोकांच्या उत्पन्नाच्या आणि जातीच्या दाखल्यांचे अर्ज भरणारी. लग्न जमलं नाही असं लोक म्हणायचे. तिनं केलं नाही असं ती म्हणायची. भावाच्या घरी मागच्या खोलीत राहायची.

घुग्घुसला दुपारी खाणीत स्फोट होतो. आधी भोंगा वाजतो, मग जमीन पोटातून हलते आणि घराघरांतल्या मांडणीवरची भांडी किणकिणतात. नवी सून दचकते. जुन्या बायका एक हात मांडणीला लावतात आणि दुसऱ्या हातानं भाकर उलथत राहतात. टँकरवरून पाणी आणणाऱ्या बायका त्या वेळी रस्त्यात असल्या, तर जागच्या जागी थांबतात. डोक्यावर एकावर एक गुंड, म्हणजे पाण्याचे पितळी घडे, आणि पायाखाली हलणारी जमीन. तरी थेंब सांडत नाही. दर्शनानं हे लहानपणापासून पाहिलं होतं, आणि एक दिवस तिच्या डोक्यात आलं की हा खेळ आहे.

‘ओसरी’वर तेव्हा ‘खेळघर’ नवीन आलं होतं. ओसरी म्हणजे ते, ज्यावर आपण सगळे लग्नाचे फोटो टाकतो आणि शेजाऱ्यांचे पाहून जळतो. खेळघरात बोलून खेळ बनवता यायचा. तुम्ही मराठीत सांगा, यंत्र आतली आज्ञावली लिहून देईल. खेळ उतरवून घ्यायची भानगड नाही. ब्राउझरमध्ये दुवा उघडला की सुरू. दर्शनानं सांगितलं, “एक बाई आहे. तिच्या डोक्यावर तीन गुंड आहेत.” यंत्रानं दिली ती बाई गोरी, लुगडं भलतंच, आणि डोक्यावर मातीची तीन मडकी. दर्शना वैतागली. मग तिनं यंत्रानं लिहिलेली आज्ञावलीच उघडली, वाचली, मोडली, पुन्हा जोडली. कुणी शिकवलं नव्हतं. शिकवायला घुग्घुसात होतं कोण? वर्ष सरेपर्यंत बाई सावळी झाली, गुंड पितळी झाले, आणि भोंगा अस्सल घुग्घुसचा झाला. खेळ एवढाच : अंगठा काचेवर टेकवायचा आणि स्थिर ठेवायचा. अंगठा हलला की गुंड डुलणार. स्फोट झाला की तोल जाणाऱ्या बाजूला झटकन सरकवून पुन्हा स्थिर करायचा. पाणी सांडलं की संपलं.

नाव ठेवलं ‘गुंडावर गुंड’. ओसरीनं प्रसिद्ध करायला नकार दिला. कारण दिलं, गुन्हेगारीचं उदात्तीकरण. दर्शनानं घरातल्या पितळी गुंडाचा फोटो जोडून अपील केलं, तेव्हा कुठे परवानगी मिळाली.

“झाला का तुह्या गुंडाचा जामीन?” ललितावहिनीनं विचारलं.

“झाला. अन् तुह्या फोटोसहित झाला. मागं तूच उभी हायेस भांडे घासत.”

“अवो माय! गाऊनवर?”

दोघी हसून लोळल्या. त्या घरात तेव्हा असं हसणं व्हायचं.

एक गोष्ट इथेच सांगून टाकतो. दर्शना खेळ तपासायची तो दादाच्या फोनवर. तिच्या फोनवर खेळ लोण्यासारखा चालायचा. पण खेळणार होते ते लोक, ज्यांचे फोन दादाच्या फोनसारखे होते. कोपऱ्यात तडकलेले, पोटात जागा नसलेले. या फोनवर चालला तर कुठेही चालेल. दादा रात्रपाळी करून दिवसा झोपायचा आणि सेतू केंद्रातून दुपारी सुटून आली की ती त्याच्या उशाजवळचा फोन उचलून तास न् तास अंगठा टेकवून बसायची. ओसरीवर दादाचं खातं उघडंच असायचं. त्यातून बाहेर पडून आपल्या नावानं आत शिरायचं वगैरे कोण करतो? आपल्याकडे घरातला फोन हा घरातल्या खाटेसारखा असतो. मोकळी दिसली की बसायचं. ललिताही स्वयंपाक झाला की त्याच फोनवर खेळायची. हे तुम्हाला, ओसरीवाल्यांना, ठाऊक नव्हतं असं म्हणू नका. या देशात धंदा करता आणि एवढं ठाऊक नाही?

खेळ चालला. जिथे जिथे टँकर जातो तिथे तिथे गेला. बायका टँकरच्या रांगेत उभ्या राहून डोक्यावरचे गुंड खाली ठेवायच्या आणि फोनमधले उचलायच्या. ओसरीकडून दर आठवड्याला दर्शनाला निरोप यायचा : ‘अभिनंदन! आपला खेळ लोकांना आवडतो आहे.’ ती तो निरोप सेतू केंद्रातल्या सगळ्यांना दाखवायची.

आता थोडं विज्ञान. माणसाचा अंगठा कधीच पुरता स्थिर नसतो. तो थरथरतो, इतका बारीक की डोळ्याला दिसत नाही. पण काचेला दिसतं. फोनची काच एका सेकंदात शेकडो वेळा विचारत असते, अंगठा कुठे आहे, आता कुठे आहे, आता? त्या उत्तरांची रेघ काढली तर निरोगी हाताची थरथर बाजारातल्या गलक्यासारखी दिसते, अस्ताव्यस्त. कंपवात सुरू झालेल्या हातात मात्र त्या गलक्यात एक ठेका शिरतो. सावकाश, एकसारखा, लांबून येणाऱ्या ढोलासारखा. शिवाय हलायचा हुकूम मिळाल्यावर अंगठा निघायला किंचित उशीर करतो. हात बाहेरून थरथरताना दिसायच्या कितीतरी आधी हे रेघेत दिसतं. डॉक्टरांना हे शोधायचं तर माणसाला तास न् तास अंगठा टेकवून बसवावं लागेल. कोण बसेल? दर्शनाच्या खेळानं लाखो लोक बसवले.

खेळघर फुकट होतं ते यासाठी. ‘खेळ सुधारण्याकरिता आपल्या स्पर्शाच्या नोंदी ठेवल्या जातील,’ असं एक वाक्य होतं. त्याखाली ‘मान्य’ होतं. सगळ्यांनी ते दाबलं, जसं आपण सगळेच दाबतो. त्या नोंदींवरून प्रत्येक खात्याला ‘हस्तगुण’ मिळत होते, आणि हस्तगुण विकत मिळत होते. बस कंपन्यांना, विमा कंपन्यांना, कुणालाही. त्या उन्हाळ्यात खाणीचा नवा ठेकेदार आला. त्यानं ते घेतले.

प्रफुल्ल पाळी सुरू होऊन घटकाभरातच घरी परत आला. डबा न उघडलेला.

“काय झालं जी?” ललितानं विचारलं. “तब्येत बरी नाही का?”

“तेच विचारून राहिले सारे. मले काय झालं ते मलेच माहीत नाही, अन् ठेकेदाराले, कोंतमवार साहेबाले, माहीत हाय.” तो खाटेवर बसला. “म्हणते, प्रफुल्ल, तुह्या हाताचे गुण पडले. शंभर टनाची गाडी तुह्या हातात कशी देऊ? म्या म्हटलं, साहेब, हे घ्या, हात पाहा. तो पाहे बी ना. फोनमध्येच पाहे.”

“गुण? कायचे गुण?” दर्शनानं विचारलं.

“ते ओसरीवाले देतेत म्हणे. खेळ खेळतो ना आपण, त्याच्यावरून.”

खेळ दर्शनाचा होता.

तिघं चंद्रपूरला गेले, मेंदूच्या डॉक्टरांकडे. वासाडे डॉक्टरांनी प्रफुल्लला बोटं नाकाला लावायला सांगितली, चालायला लावलं, गोल गोल रेघा काढून घेतल्या, मेंदूचा फोटो काढला. “याला काही नाही,” ते म्हणाले, “माझ्यापेक्षा बरा हात आहे.” तसं लिहूनही दिलं. कोंतमवारांनी ते वाचलं, घडी करून परत दिलं. म्हणाले, “डॉक्टरांनी एक दिवस पाहिलं, ताजने. ओसरीनं रोज पाहिलं आहे. उद्या गाडी कड्याखाली गेली तर विमावाला मला कोणता कागद मागेल?”

ते वाईट माणूस नव्हते. हीच तर तुमची करामत आहे, की वाईट माणूस कुठेच सापडत नाही.

प्रफुल्ल घरी बसला. पहिले काही दिवस त्यानं छपराचे पत्रे ठोकले, नळ दुरुस्त केला. मग ठोकायला काही उरलं नाही. जेवताना ललिता त्याच्या हाताकडे बघायची. त्याच्या लक्षात आलं की तो ताट ढकलून उठायचा.

“तुलेबी वाटते ना, थरथरते म्हणून? बघ! बघ ना!” आणि हात तिच्या तोंडापुढे धरायचा. रागानं तो हात खरंच थरथरत असायचा.

दर्शनाकडे एक चावी होती, जी कोंतमवारांकडे नव्हती. ती खेळाची मालकीण होती. खेळ कुठे अवघड पडतो हे कळावं म्हणून खेळाडूंच्या रेघा बघायची मुभा मालकाला होती. तिनं दादाच्या खात्याच्या रेघा उघडल्या. काही वेळ बघितल्यावर तिला कळलं की या एका माणसाच्या नाहीतच. सकाळच्या रेघा वेगळ्या, ठाम, जरा धसमुसळ्या. हा दादा, पाळीवरून येऊन खेळणारा. दुपारच्या रेघा हलक्या, आणि त्यांच्यात तो ठेका. अगदी स्पष्ट. ओसरीनं त्यांच्यावर बारीक लाल टिंबं दिली होती.

दुपारी दादा झोपलेला असतो. दुपारी फोन कुणाकडे असतो? ललितावहिनीकडे.

दर्शना तडक स्वयंपाकघरात गेली. वहिनी कणीक मळत होती.

“वहिनी, तू मागं म्हटलं होतं ना, हात भरून येते म्हणून?”

“मग? दोन बादल्या धुणं असते. भरून नाही येईन का?”

“तसं नाही. मले वाटते, दादाचे गुण तुह्यानं पडले. तुह्या हाताले… काहीतरी हाय.”

ललितानं कणकेचा गोळा परातीत टाकला. मग हात धुतले, पदराला पुसले आणि फोन समोर ठेवला.

“लाव तुहा खेळ.”

दर्शनानं लावला. ललितानं अंगठा टेकवला. भोंगा झाला, स्फोट झाला, पुन्हा झाला, आणखी जोरात झाला. गुंड जागचे हलले नाहीत. जणू भिंतीत बसवले होते. दर्शनाच्या फोनवर रेघ उमटत होती. बाजारातला गलका. ठेका नव्हता.

“झालं समाधान?” ललिता म्हणाली. “आता तू खेळ.”

“म्या कायले?”

“दुपारी फोन मह्याजवळ असते, अन् मह्या आधी कोणाजवळ असते? म्या तर स्वयंपाक झाल्यावर घेतो. तू जेवत बी नाही त्याच्यापायी. बस. खेळ.”

दर्शना बसली. तिनं अंगठा टेकवला. आपण बनवलेल्या बाईच्या डोक्यावरचे गुंड किती बारीक डुलताहेत हे तिनं आजवर हजारदा पाहिलं होतं, आणि दर वेळी तिला वाटलं होतं की आज्ञावलीत खोट आहे. ती दुरुस्त करायला तिनं कितीतरी दुपारी घालवल्या होत्या. आज तिनं रेघेकडे पाहिलं.

लांबून येणारा ढोल.

ललितानंही पाहिलं. तिचा राग तोंडावरच अडकून राहिला. पुढे जाईना, मागे फिरेना. मग तिनं गॅस बंद केला आणि दर्शनाचा हात दोन्ही हातांत घट्ट धरला, जणू धरल्यानं तो थांबणार होता.

वासाडे डॉक्टरांनी या वेळी जास्त वेळ घेतला. शेवटी म्हणाले, “सुरुवातच आहे. गोळ्यांनी बरीच वर्षं हात ताब्यात राहील.”

“अन् ते इंजेक्शन, डॉक्टर? वाढू न देणारं? नागपूरला देतात म्हणे.” दर्शनानं विचारलं.

डॉक्टरांनी चष्मा काढला. “ते मेंदूतल्या पेशी शिल्लक असेपर्यंतच चालतं. वेळ असते त्याची. तुमची वेळ होती, दर्शनाताई. साधारण मागच्या वर्षीपर्यंत. पण तेव्हा तुम्ही माझ्याकडे यायचं तरी कशाला? तुम्हाला काही होतच नव्हतं.”

घरी आल्यावर तिनं रेघा पहिल्यापासून पाहिल्या. पहिलं लाल टिंब सापडलं. तेव्हा खेळ प्रसिद्धही झाला नव्हता. बाई अजून गोरी होती, डोक्यावर मातीची मडकी होती. ते टिंब देऊन आता दोन पावसाळे होऊन गेले होते.

आता प्रश्न दादाचा. ओसरीची सोय अशी होती की ज्याचा हात, त्यानं आपल्या ओळखपत्रासह ‘हा अंगठा माझा’ असं जाहीर करायचं. मग गुण त्याच्या नावावर जाणार.

“करू नको,” प्रफुल्ल म्हणाला. तो दारात उभा होता आणि बहिणीकडे बघत नव्हता. “माह्या नावावर राहू दे. म्या वीटभट्टीवर जाईन, कुठंबी जाईन. तुह्या नावावर गेलं तर जन्मभराचं झालं. सेतूवाले ठेवतीन का तुले?”

“अन् तू जन्मभर लंगडा घोडा म्हणून फिरशीन? काही झालं नसताना?”

“तुह्यासाठी फिरीन.”

“मले नको तुहे उपकार.” ती ओरडली. मग हळू आवाजात म्हणाली, “दादा, म्या तुह्या फोनवर बसली नसती तर हे झालंच नसतं.”

तो काहीतरी बोलेल म्हणून ती थांबली. नाही, तुह्यी चूक नाही, असं म्हणेल म्हणून. तो पायांत चपला घालून निघून गेला. काही वाक्यं माणूस मायेपोटी गिळतो आणि काही रागापोटी. हे कुठलं होतं ते दर्शनाला आजही कळलेलं नाही.

तिनं जाहीर केलं. उत्तर लगेच आलं. खातं दुसऱ्याला वापरायला देणं हा नियमभंग असल्यानं प्रफुल्ल ताजने यांचे सर्व गुण रद्द. रद्द म्हणजे चांगले नाहीत, वाईटही नाहीत, नाहीतच. आणि ठेकेदार गुण नसलेल्या माणसाला गाडी देत नाही. नवे गुण मिळवायचे तर कॅमेऱ्यासमोर, तोंड दिसेल असं बसून, तीन महिने रोज खेळायचं. शंभर टनी डंपर कड्याच्या काठावर मागे घेणारा माणूस आता भिंतीला टेकून बसतो आणि फोनमधल्या बाईच्या डोक्यावरचे गुंड सांभाळतो. बहीण आली की पाठ फिरवतो. ललिता दर्शनाचं पथ्यपाणी करते, गोळ्यांची वेळ सांभाळते, पण कणीक मळताना ती आली की हात थांबवते आणि विचारते, “काय पाहून राहिली?” सेतू केंद्रानं दर्शनाला अजून काढलेलं नाही. फक्त तिच्या खुर्चीवर दुसरी मुलगी शिकायला बसवली आहे.

दर्शनानं मग एकच काम केलं, जे तिला येत होतं. खेळ सुधारला. पाणी सांडून खेळ संपला की खेळणाऱ्याला त्याची स्वतःची रेघ दिसेल, आणि ठेका असला तर खाली दोन ओळी : ‘घाबरू नका. पण एकदा डॉक्टरांना हात दाखवा. लवकर गेलात तर औषध आहे.’ बस. कुठल्या तरी टँकरच्या रांगेत तिच्यासारखीच कुणीतरी उभी असेल, जिची वेळ अजून गेलेली नसेल.

ओसरीनं हा खेळ नाकारला. कारण : ‘वापरकर्त्याला आरोग्यविषयक माहिती देण्याचा परवाना आपल्याकडे नाही.’

दर्शनानं ते तीनदा वाचलं. ठेकेदाराला सांगायला परवाना लागत नाही. विमा कंपनीला सांगायला लागत नाही. ज्याचा हात आहे त्याला सांगायला लागतो.

तिनं अपील केलं. पितळी गुंडाच्या वेळी केलं होतं तिथेच. चौकटीत तिनं एकेक अक्षर दाबत लिहिलं. गोळीची वेळ टळली होती, अंगठा शेजारच्या अक्षरावर जात होता, आणि ती खोडत होती, पुन्हा लिहीत होती. ते खोडणंही तुम्ही मोजत होतात.

तिनं लिहिलं :

‘तुम्ही म्हणाल, हात तुमचा आहे हे आम्हाला ठाऊक नव्हतं. खरं आहे. तुमच्या लेखी तो प्रफुल्ल ताजनेचा हात होता. मग दोन पावसाळ्यांपूर्वी, पहिलं टिंब दिलंत तेव्हा, प्रफुल्ल ताजनेला तरी का नाही कळवलं? त्याच्या फोनवर एक ओळ आली असती. तो झोपलेला असता. फोन माझ्याच हातात होता. मी वाचली असती. ती ओळ लिहायची नाही हे तुमच्यापैकी कुणी ठरवलं? मला परवाना नको, अभिनंदनही नको. ज्यानं ठरवलं त्याचं नाव सांगा, आणि का ठरवलं ते त्याला स्वतःच्या हातानं लिहायला लावा.’